बुर्जी

चुडामण : आणि हत्ती म्हणजे दोन-दोन पोरं एका झुलीखाली. पुढचा सोंड सांभाळणार, मागचा शेपूट. घोड्यांना पुठ्ठ्याची मुंडकी. मैदानावर चुन्यानं बुद्धिबळाची चौसष्ट घरं आखून झालीसुद्धा, मी आत्ता तिकडूनच येतोय. सगळा खर्च झुलालशेठचा, हात सैल सोडलाय त्यांनी, रहीम.

रहीम : आणि राजे?

चुडामण : राजांना फेटे. माझ्याला केशरी.

रहीम : माझ्याला हिरवा असेल.

चुडामण : ते काही मी ठरवलेलं नाही.

रहीम : नाही रे, सहज विचारलं. जरीना, खुर्ची दे यांना. कपडे चांगले आहेत.

जरीना : दी राहिनू. चुडामणभाऊ, कापूसवर नका बसा, उठशात तवय बठ्ठा पांढरा व्हई जाशात.

चुडामण : असू दे भाभी. याच कापसावर झोपून कॉलेज काढलंय मी.

जरीना : याद शे का? मंग बरं शे.

रहीम : तर डाव कोणता म्हणालास?

चुडामण : तुला माहीत आहे. त्र्याऐंशीचा. राज्य निवड स्पर्धेतला आपला शेवटचा. मी नाही सुचवला, लोकांचीच मागणी आहे. धुळ्याचा माणूस राष्ट्रीय स्पर्धेत पोचला तो त्या डावानं, असं झुलालशेठ म्हणतात. तू तुझ्या चाली बोलायच्या, मी माझ्या. दोघांनाही माईक. पोरं घरं बदलत जातील. शेवटी माझं प्यादं पलीकडे पोचून वजीर झालं की फटाके, आणि मग सत्कार.

रहीम : म्हणजे मी हरलो की फटाके.

चुडामण : तसं नको घेऊस. अकरा वर्षं झाली त्याला.

रहीम : तेव्हाही फुटले होते. फक्त तेव्हा मला आधी सांगायला कुणी आलं नव्हतं. एवढी सुधारणा म्हणायची.

चुडामण : हे बघ, तुझ्याऐवजी कुणीही बसवता आला असता. झुलालशेठ म्हणत होते, एखाद्या पोराकडून चाली पाठ करून घेऊ. मीच अडून बसलो. म्हटलं, समोर रहीमच हवा. तुझा मान आहे तो.

जरीना : मान ना! काल दिनभर यास्नी तुमना स्टेजना लोड भरात. सहा लोड नि दोन गाद्या, भाडावर. तो मान बी यासलेच भेटना.

चुडामण : स्टेजचे लोड इथून गेलेत?

रहीम : धुळ्यात पिंजारी उरलेत कितीसे? सगळे फोमच्या मागे लागले. झुलालशेठचा माणूस म्हणाला, पाहुणा मोठा आहे, कापूस निवडून भर, एक सरकी टोचायला नको. निवडून भरला. तू निवांत टेक.

चुडामण : तू अजून तसाच आहेस. बोलताना कुठं हसतोस आणि कुठं चावतोस, कळत नाही.

रहीम : पिंजाऱ्याचं बोलणं. आधी पिंजायचं, मग भरायचं.

चुडामण : अब्बांचं कळलं मला. उशिरा कळलं. मी पुण्यात नव्हतो, बंगळूरला होतो, स्पर्धा चालू होती.

रहीम : हो, पेपरात आलं होतं. तिसरा आलास.

जरीना : अब्बा शेवटपर्यंत इचारेत, चुडामण ऊना का म्हनीसन. आमी सांगेत, येई, येई, पुन्याहून निंघेल शे.

चुडामण : भाभी, काय बोलू आता. मला त्यांनी पोटच्या पोरासारखं वागवलं. पिंपळनेरहून आलो तेव्हा धुळ्यात मला कुत्रं ओळखत नव्हतं. मेसचं जेवण घशाखाली उतरत नव्हतं. इथं यायचो. तुमच्या सासूबाई कळण्याची भाकर आणि ठेचा पुढे ठेवायच्या, कधी विचारलं नाही, कोणाचा, कुठला.

रहीम : आणि जेवण झालं की अब्बा पट अंथरायचे. आठवतो पट?

चुडामण : न आठवायला काय झालं? मांजरपाटाचा, वर लाल घरं शिवलेली. एका कोपऱ्याला बिडीनं जळालेला.

रहीम : पहिल्या दिवशी अब्बांनी काय शिकवलं तुला?

चुडामण : आता ते कशाला काढतोस?

रहीम : मी येतो मैदानावर. येतो म्हणायच्या आधी तुझ्या तोंडून एवढं ऐकू दे. जरीनालाही ऐकू दे, ती नंतर आली या घरात.

चुडामण : देशी डावाचे नियम शिकवले. इथं आंतरराष्ट्रीय नियम कुणाला माहीत होते तेव्हा? प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर जाणार. आणि पलीकडे पोचलं की ज्याच्या घरात पोचलं तेच होणार. हत्तीच्या घरात हत्ती, घोड्याच्या घरात घोडा. मागाल ते मिळत नाही.

रहीम : आणि?

चुडामण : आणि शेवटचं मोहरं मारायचं नाही.

रहीम : का?

चुडामण : राजा एकटा पडला की बुर्जी होते. डाव तिथंच मिटला. जिंकलेला माणूसही जिंकला नाही.

रहीम : अब्बा सांगायचे तसं सांग.

चुडामण : रहीम, पुरे ना.

रहीम : सांग.

चुडामण : "एकट्या राजाशी खेळत नाहीत, बेटा. त्याच्याजवळ एक तरी माणूस राहू द्यावा आणि मग मात द्यावी. तोही मारलास तर उठून यायचं. ज्याच्याजवळ कुणीच उरलं नाही, त्याच्याशी काय खेळायचं?"

रहीम : पाठ आहे तुला. अक्षर न् अक्षर.

जरीना : थांबा जरासा. हाई दाभन ठेवू दे माले. हाई काय चाली राहिनं? त्या डावनं नि अब्बाना नियमनं काय?

रहीम : जरीना, अकरा वर्षांत तू मला एकदाही विचारलं नाहीस.

जरीना : काय इचारनं व्हतं?

रहीम : तो डाव मी का हरलो ते. तर ऐक. शेवटी माझ्याकडे राजा आणि हत्ती. याच्याकडे राजा आणि एकच प्यादं, घोड्याच्या घरातलं. माझा हत्ती त्या प्याद्याच्या शेजारी. उचलायचं आणि बाजूला ठेवायचं, एवढंच काम. मग याचा राजा एकटा, त्याला मात द्यायला शाळकरी पोरगाही पुरला असता. पाच तास बसलो होतो. घड्याळात मिनिट-दीड मिनिट उरलेलं. हात गेला प्याद्याकडे. आणि माझ्या बोटांनाच वाटलं, शेवटचं आहे, मारायचं नाही. बुर्जी होईल, जिंकलेला डाव हातचा जाईल. आणि प्यादं पोचलं तरी काय, घोडाच होणार. हात तसाच बाजूला नेला आणि राजाला कोंडायला गेलो.

जरीना : मंग?

रहीम : मग ते पोचलं. यानं पंचाकडे वजीर मागितला. पंचानं काढून दिला. तेव्हा माझ्या ध्यानात आलं मी कोणत्या पटावर बसलोय ते.

जरीना : म्हंजे तुम्ही डाव इका नही.

रहीम : नाही विकला.

जरीना : या अल्ला. माले वाटे, इका व्हई.

रहीम : मला माहीत होतं तुला तसं वाटतं ते.

जरीना : बठ्ठं गाव म्हने. भिकन मटकावालानी चुडामणभाऊवर पैसा लायेल व्हता, तो जितना, म्हनीसन रहीमले त्यानीच फोडा. आनि तवय तुमनी मायना दवाखाना चालू व्हता, कोठून तरी भागनं. मी म्हनू, इचारानं नही. मानूसवर येळ येस. मी तुमले मनमा माफ करी टाकेल व्हतं.

रहीम : तेच तर. जो तो मला माफ करून मोकळा झाला. विचारलं कुणीच नाही. दवाखान्याचे पैसे आईच्या पाटल्या मोडून आणले होते.

चुडामण : पण तू त्याच वेळी बोलायचं होतंस ना! जिल्हा संघटनेनं तुला बोलावलं होतं, समोर बसवून विचारलं होतं. तू तोंड शिवून बसलास. तोंड शिवलं की लोक त्याचा जो काढायचा तो अर्थ काढतात.

रहीम : अब्बा दाराशी बसले होते.

चुडामण : मग?

रहीम : मग त्यांच्यादेखत काय सांगू? तुमच्या शिकवणीनं हरलो? जन्मभर लोकांच्या गाद्या भरून त्या माणसानं दोन पोरांना एवढी एकच गोष्ट दिली होती. पंच्याहत्तरीला आलेल्या बापाला सांगू, की तुमचा नियम आता कुठं चालत नाही, आणि त्यानंच मला बुडवला? त्यापेक्षा विकला म्हणाले ते परवडलं.

जरीना : अब्बासले बी तसंच वाटनं?

रहीम : घरी आल्यावर त्यांनी एकच विचारलं, "का नाही मारलं?" मी म्हटलं, "दिसलं नाही." ते म्हणाले, "तुला दिसलं नाही?" आणि पट घडी करून पेटीत ठेवला. पुन्हा उघडला नाही. मरेपर्यंत नाही. आता ते नाहीत, तर मला बोलायला मोकळीक आहे. पण आता माझं ऐकणार कोण? म्हणतील, अकरा वर्षांनी बरी गोष्ट रचली.

चुडामण : मला खरंच यातलं काही माहीत नव्हतं, रहीम.

रहीम : यातलं नव्हतं. पण मी का मारलं नाही ते माहीत होतं.

चुडामण : अंदाज होता.

रहीम : अंदाज! त्या हॉलमध्ये मुंबईचे होते, पुण्याचे होते, नागपूरचे होते. सगळे डोक्याला हात लावून बसले, की हा असा आंधळा कसा झाला. ज्यांना कळत होतं अशी माणसं दोनच. एक मी, आणि दुसरा माझ्या समोर बसलेला. संघटनेनं तुलाही विचारलं होतं. काय म्हणालास?

चुडामण : मी तुझ्याविरुद्ध एक शब्द बोललो नाही.

रहीम : काय म्हणालास?

चुडामण : "तो माझा मित्र आहे, मी यावर काही बोलू इच्छित नाही."

जरीना : वा रे वा. त्यानापेक्षा शिवी दी टाकती तं बरं व्हतं.

चुडामण : भाभी, माझं वय काय होतं तेव्हा? बाप पिंपळनेरला कोरडवाहू नांगरत होता. दुसऱ्या दिवशी पेपरात आलं, काय तो डाव, काय ते बलिदान! बँकेचा साहेब तो पेपर घेऊन मला शोधत आला. नोकरी देतो म्हणाला. त्याला मी सांगू, की तसं काही नाही साहेब, समोरचा चुकला?

रहीम : बलिदान. बरं झालं तूच काढलंस. आता ते बोलू. शेवटच्या आधी तुझ्याकडे प्यादी दोन होती, एक नाही. दुसरं कडेचं, हत्तीच्या घरातलं. ते तू माझ्या हत्तीच्या तोंडात आणून दिलंस. फुकट.

चुडामण : त्यावर लेख आलेत रहीम. तुझ्या हत्तीला लांब खेचून वेळ काढायची ती कल्पना होती.

रहीम : मी तो डाव या कापसावर बसून किती वेळा लावला असेल! हत्ती कुठं लांब गेला नाही. आला तसा परत आला. दोन प्यादी राहिली असती तर एक मी डोळे मिटून मारलं असतं. नियम शेवटच्याला आहे, दोनांना नाही.

चुडामण : तू आता त्याच्यात नको ते बघतोयस.

रहीम : चुडामण.

चुडामण : खेळताना माणूस शंभर गोष्टी करून बघतो...

रहीम : चुडामण, मना डोयामा देख नि सांग.

चुडामण : ...हाव.

रहीम : काय हाव?

चुडामण : तू दमी जायेल व्हता. घड्याय संपी राहिंतं. मी हरेलच व्हतू. माले वाटनं, एकच ठेवं तं हाऊ मारनार नही. अब्बाना पोऱ्या शे, नही मारनार. दी टाकं दुसरं.

जरीना : कितला दिनमा आपली बोली बोलनात चुडामणभाऊ. नि बोलनात ते हाई.

चुडामण : मी काही नियमाबाहेर खेळलो नाही भाभी. समोरच्याची खोड ओळखणं हासुद्धा खेळच असतो. मोठमोठे खेळाडू हेच करतात, समोरचा कुठं अडखळतो ते बघतात.

रहीम : बरोबर आहे. त्यांच्या घरी जेवून नाही बघत.

चुडामण : मग आता तुझं म्हणणं काय? मी काय करू? तू सांग, मी करतो.

रहीम : एकच वाक्य बोल. ती चाल आली की खेळ थांबव आणि माईकवर सांग, रहीमनं डाव विकला नाही, तो बापाचा नियम खेळला. बस.

चुडामण : सगळ्यांसमोर?

रहीम : विकला म्हणाले ते सगळ्यांसमोरच. तुला कल्पना नाही चुडामण. वाचनालयाच्या ओट्यावर अजून रोज डाव पडतात. मी गेलो की पोरं उठतात. उद्धटपणे नाही, हळूच. कुणाला एकदम काम आठवतं, कुणाचा चहा राहिलेला असतो. अकरा वर्षं माझ्यासमोर कुणी बसलं नाही. मला धुळ्यातल्या माणसाबरोबर एक डाव खेळायचाय, मरायच्या आधी. त्याच्यापलीकडे मला काही नको.

चुडामण : तू समजून घे. राज्य संघाचा प्रशिक्षक म्हणून माझं नाव पुढं आहे. आज पालकमंत्री येताहेत, त्यांच्या एका सहीवर सगळं अडलंय. त्यांच्यासमोर मी म्हणू, की ज्या डावासाठी तुम्ही मला शाल देताय तो समोरच्याच्या घोटाळ्यानं मिळाला?

जरीना : म्हंजे नही सांगनार.

रहीम : मग मी आज ते प्यादं मारतो. मैदानावर, सगळ्यांसमोर. बघू दे लोकांना, मला ते दिसत होतं.

जरीना : नका! तसं करश्यात ना, तं आजून बुडशात. लोके काय म्हनतीन? आते बरा मारता येस, तवय काब्र नही मारं? तवयच पैसा खायेल व्हता. आनि नही मारं, तं म्हनतीन, दखा, आजबी तसाच खेयना. तुमना हातमा काहीच नही शे. ते चुडामणभाऊना तोंडमा शे.

रहीम : ऐकलंस? पट न बघता सांगते. अब्बांनी हिला शिकवायला हवं होतं.

चुडामण : ठीक आहे. सांगतो.

रहीम : काय सांगतोस?

चुडामण : त्या चालीला थांबतो आणि सांगतो. माझ्या पद्धतीनं सांगतो.

रहीम : तुझ्या पद्धतीनं नको. झालं तसं.

चुडामण : झालं तसं. अब्बांची शपथ.

रहीम : शपथ नको. अब्बांना त्यांच्या जागी राहू दे. आणि हे बघ, दुसऱ्या प्याद्याचं सांगू नकोस. मुद्दाम दिलंस ते कुणाला कळायची गरज नाही. ते बलिदानच राहू दे. एवढं मी तुझ्याजवळ ठेवतो.

चुडामण : रहीम, तू खरंच मोठ्या मनाचा आहेस.

रहीम : निघ आता. शाल घ्यायला अंघोळ करून ये, कापूस लागलाय पाठीला.

(संध्याकाळ. चुन्यानं आखलेल्या पटावर थोडीच पोरं उरली आहेत. पटाच्या दोन बाजूंना लोडांची दोन आसनं. एकावर चुडामण, दुसऱ्यावर रहीम, त्याच्या मागे जरीना. मध्ये एवढंच अंतर की माईक बंद केला तर एकमेकांचं ऐकू यावं.)

चुडामण : पोरं कंटाळली. तुझ्या हत्तीचा मागचा पाय केव्हाचा खाली बसलाय बघ.

रहीम : ते प्यादं कुणाची पोर आहे? टोपी डोळ्यांवर आलीये तिच्या.

चुडामण : कमलबाई मास्तरणीची. बरं, आली ती चाल.

रहीम : आली. थांबव.

चुडामण : थांबवतो. माईक चालू करतो, मध्ये बोलू नकोस हं. "रसिकहो, इथं मी क्षणभर डाव थांबवतोय. माझं एकच प्यादं उरलंय, आणि रहीमभाईंचा हत्ती त्याच्या अगदी शेजारी उभा आहे. या एका चालीवरून धुळ्यात अकरा वर्षं बरंच काही बोललं गेलं. आज माननीय मंत्रिमहोदयांच्या साक्षीनं मला मन मोकळं करायचंय."

जरीना : बोलनात. बोली राहिनात बरं का.

रहीम : चूप. ऐकू दे.

चुडामण : "रहीम माझा मित्र आहे. याच्या घरची भाकर मी खाल्लीय, ते मी विसरणार नाही. मंडळी, माणसावर वेळ येते. घरात आई आजारी असते, दवाखाना चालू असतो, हातात पैसा नसतो. अशा वेळी एखादी गोष्ट हातून होऊन जाते. त्याचा निवाडा करणारा मी कोण? लोक काहीही म्हणोत, माझ्या मनात त्याच्याबद्दल तसूभर राग नाही. मी त्याला केव्हाच माफ केलंय. आज तुम्हीही करा. जोरदार टाळ्या वाजवून करा!"

जरीना : मनंच उचलं. दवाखानानं मी सांगं दुपारले, या मानूसनी तेच उचलं.

रहीम : ऐक, टाळ्या किती वाजताहेत.

जरीना : मी कायले बोलनू? मी कायले तोंड उघाडं?

रहीम : तुझं काही चुकलं नाही. तू घरात बोललीस.

चुडामण : माईक बंद आहे. ऊठ रहीम, इकडे ये, गळ्यात पड. फोटोवाले थांबलेत.

रहीम : हे ठरलं होतं?

चुडामण : अरे, समोर बघ कोण कोण बसलंय. त्यांना देशी डाव, बुर्जी, हे सगळं कुठं समजावत बसू? भाव पोचला ना! पहिल्या रांगेतल्या बाया पदर लावताहेत डोळ्यांना. उद्यापासून तुझ्यासमोर लोक बसतील बघ खेळायला. तुला तेच हवं होतं ना?

रहीम : बसतील. माफ केलेल्या माणसासमोर.

चुडामण : तू शब्दाला धरून बसतोस. नीट वेळ आली की सविस्तर लिहीन मी त्याच्यावर. आत्ता चाल बोल. हत्ती बाजूला. फटाकेवाला तिकडं काडी हातात धरून उभा आहे.

रहीम : माईक दे.

चुडामण : थोडक्यात हं. नुसती चाल.

रहीम : नुसतीच चाल. "हत्तीनं प्यादं मारलं."

चुडामण : रहीम!

रहीम : "हां, तूच बेटा. मारलं तुला. घराबाहेर ये, टोपी काढ, पाणी पी."

चुडामण : बंद कर तो माईक! काय केलंस हे? असं झालं नव्हतं! तिला परत उभी कर, म्हण की चुकून बोललो.

रहीम : हात लावलेलं मोहरं परत ठेवत नाहीत. हा नियम तरी दोन्हीकडे सारखाच आहे.

चुडामण : लोक काय म्हणताहेत, ऐक जरा.

जरीना : आयकी राहिनूत. "आते बरं दिसनं त्याले." मी सांगेलच व्हतं.

रहीम : म्हणू दे. आता माझं त्यांच्याकडे काही येणं उरलं नाही.

चुडामण : मंत्री घड्याळ बघताहेत रहीम. बरं, मारलंस तर मारलंस. बस खाली. आता उरकून तरी टाक. मात दे लवकर, मी तीही हसून घेतो. गंमत केली म्हणून सांगता येईल.

रहीम : मात द्यायची नाही. तुझा राजा एकटा पडला. बुर्जी झाली.

चुडामण : ते आता कुठं चालतं? अरे बस ना. कुठं चाललास? मी काय सांगू या लोकांना?

रहीम : काहीही सांग. माईक तुझ्याकडे आहे. चल जरीना.

जरीना : चप्पल घाली लेवू दे. नि लोड? सकायले गाडी लयीसन लोड लेवाले कोन येई?

रहीम : राहू दे ते. टेकायला काहीतरी असू दे त्याच्याजवळ.